मसणवट्याची वाट आणि तुमचं शिलाई मशीन

पत्र असं आहे:

"ताई, नमस्कार. मी बेळगाव जिल्ह्यात, खानापूर तालुक्यातल्या एका खेड्यात राहते, वय 41, घरी शिलाई मशीन आहे, ब्लाऊज, परकर, शाळेचे युनिफॉर्म शिवते. मागच्या आषाढात आमच्या गावातल्या दलित गल्लीतली एक म्हातारी वारली. त्यांच्या मसणवट्याला जायची वाट माझ्या चुलत दिराच्या शेताच्या कडेनं जाते. लावणी झालीय, चिखल तुडवतात म्हणून त्यानं काट्या टाकून वाट अडवली होती. शेवटी त्या लोकांनी तिरडी नाल्यातनं नेली, पाणी मांडीच्या वर होतं, मी परसातनं बघत उभी होते. त्या म्हातारीनं माझ्याकडनं दोनच महिन्यांआधी उशीच्या खोळी शिवून नेल्या होत्या. तेव्हापासनं झोप लागत नाही, मला काहीतरी करावं असं वाटतंय पण मी साधी बाई, दहावी नापास, कन्नड बोलता येतं पण लिहिता येत नाही. नवरा म्हणतो आपल्याला काय करायचंय, भावकीत वाकडेपणा नको. आणि मी त्या समाजाची पण नाही. मी यात पडावं का? पडावं तर सुरुवात कुठनं करू? - एक शिलाईवाली"

ताई, तुमचं पत्र मी तीनदा वाचलं आणि तिन्ही वेळा त्या उशीच्या खोळींपाशी थांबले. तुम्ही "साधी बाई" म्हणून स्वतःला लहान करताय पण गावात त्या दिवशी तिरडी नाल्यातनं जाताना बघणारे कितीतरी डोळे असतील आणि त्यात झोप तुमची उडाली, तेव्हा पडावं का हा प्रश्न तुमच्यापुरता त्या दिवशीच सुटलाय असं मला वाटतं. राहिलं ते कुठनं आणि कसं, त्याबद्दल मला सांगायचंय आणि जरा लांबड लागेल, चालवून घ्या.

पहिलं सांगते ते तुम्हाला थोडं लागेल. अजून अर्ज लिहू नका. पंचायतीत जाऊ नका, दिराशी भांडू नका, कुणा पुढाऱ्याला फोन करू नका. आधी त्या गल्लीत जा. त्यांच्या अंगणात बसा. ती म्हातारी ज्यांची आई होती, सासू होती, त्यांच्या घरी जाऊन बोला, आणि पहिल्या वेळेला वाटेचा विषय काढलाच पाहिजे असं पण नाही. तुम्ही एवढी वर्षं त्या गावात राहताय, ते लोक तुमच्या दारात येतात, माप देतात, कपडे नेतात, पण तुम्ही कधी त्यांच्या घरात जाऊन चहा प्यालाय का? पत्रात त्याबद्दल काही नाही म्हणून विचारते. नसाल प्यायला तर तिथनं सुरुवात, आणि हे मी शोभेला म्हणून सांगत नाही, तुमच्या हातचा चहा त्यांनी पिणं आणि त्यांच्या घरातला चहा तुम्ही पिणं यात किती फरक आहे ते त्यांना बरोब्बर कळतं, आणि गावाला पण कळतं.

का सांगते तर मी स्वतः ही चूक केलेली आहे. मी निपाणीची. माझी आई तंबाखूच्या वखारीत कामाला होती, संध्याकाळी घरी आली की तिच्या लुगड्याला एवढा वास असायचा की आम्ही पोरं जवळ गेलो की शिंकायचो, रात्रभर तिचा खोकला चालायचा आणि आम्हाला वाटायचं सगळ्यांच्या आया अशाच खोकतात. तिच्यासारख्या बायका संघटनेत गेल्या, मोर्चात चालल्या, आणि ते बघत मी मोठी झाले म्हणून मला वाटायचं की मला सगळं कळतं. पंचविशीत असताना मी एका विधवा बाईच्या रेशनबद्दल तक्रार लिहिली. दुकानदार तिला अर्धंच धान्य द्यायचा. मी तिला न विचारता तिचं नाव घालून अर्ज दिला, वर पेपरात बातमी पण छापून आणली. मला भारी वाटलं. दुकानदारानं पुढचे चार महिने तिला दारातच उभं केलं नाही, आणि ती माझ्याकडं येऊन एवढंच म्हणाली, बाई, मला विचारलं असतंस तर मी म्हटलं असतं की आधी माझ्या पोरीचं लग्न होऊ दे, मग भांडू. तिनं मला शिवी दिली असती तर बरं झालं असतं. ते वाक्य आज तीस वर्षं माझ्यासोबत आहे.

म्हणून ताई, वाट कुणाची अडलीय? त्यांची. मयत कुणाचं होतं? त्यांचं. मग काय मागायचं, कधी मागायचं, किती ताणायचं हे ठरवणार ते. कदाचित ते म्हणतील आम्हाला शेतातली वाटच पाहिजे, ती आमच्या आज्या-पणज्यापासनंची आहे. कदाचित म्हणतील नाल्यावर मोरी घालून द्या, त्याच्या बांधाला पाय पण लावत नाही. कदाचित त्यातल्या कुणाची मजुरी तुमच्या दिराच्याच शेतात असेल आणि ते म्हणतील लावणीचा हंगाम संपू दे. हे तिन्ही खरे असू शकतात, एकाच गल्लीत तीन मतं असू शकतात, आणि त्यांच्यात त्यावर चर्चा होऊ द्यायला लागते. तुम्ही मधे बसून ऐकायचं. बायकांना वेगळं विचारा, कारण तिरडीला खांदा देणारे पुरुष असतात पण चार दिवस ओल्या घरात मयत झालेल्या घरचं सगळं उरकणाऱ्या बायका असतात, आणि त्या बैठकीत मागं बसतात.

"मी त्या समाजाची नाही" हे तुम्ही अडचण म्हणून लिहिलंय. मला त्यात तुमचं काम दिसतं. वाट अडवणारा तुमच्या घरातला आहे. त्या गल्लीतला माणूस दिराच्या ओसरीवर जाऊन बोलू शकत नाही, तुम्ही बोलू शकता. तुमच्या जावा, नणंदा, शेजारणी तुमच्या मशीनपाशी येऊन बसतात, ब्लाऊजचा गळा केवढा ठेवायचा ते सांगता सांगता घरातलं सगळं बोलतात. तिथं तुम्ही एवढंच विचारा की आपल्या घरातलं मयत पाण्यातनं न्यायला लागलं असतं तर? एकीला आज विचारा, दुसरीला चार दिवसांनी. भाषण नको. बघा कोण गप्प होतं आणि कोण वाद घालतं, जी गप्प होते तिच्याकडं परत जा. आपल्या लोकांत बोलायचं काम जास्त अवघड आहे, त्यात कुणी हार घालत नाही, फोटो येत नाही, पण ते दलित गल्लीतल्या माणसानं करावं अशी अपेक्षा ठेवणं अन्यायाचं आहे, ते आपणच करायचं.

आणि एक गोष्ट घरातल्या घरात आधीच मनाशी धरून ठेवा. अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायदा, आपण ॲट्रॉसिटी म्हणतो तो 1989 चा, त्यात 2015 साली दुरुस्ती झाली. स्मशान, दफनभूमी, पाणवठा, गावाची सामाईक जागा वापरायला दलित माणसाला अडवणं हा त्यात स्पष्ट लिहिलेला गुन्हा आहे. तुमच्या दिरानं काट्या टाकल्या त्या "पीक वाचवायला" असतील, त्याच्या मनात तेवढंच असेल पण, तरी तो या कायद्याच्या कक्षेत येऊ शकतो, आणि तक्रार झाली तर तपास डीवायएसपी दर्जाचा अधिकारी करतो, गावातल्या गावात मिटवण्यासारखी ती साधी केस नसते. हे तुम्ही दिराला धमकी म्हणून सांगू नका. पण त्याला माहीत असायला पाहिजे आणि घरातल्या माणसानं सांगितलेलं बरं. आणि उलट बाजूनं, त्या घरच्यांनी जर तक्रार करायची ठरवलीच तर "अहो समजुतीनं घ्या, गावात शांतता राहू दे" असं म्हणायला तुम्ही जाऊ नका, कितीही भावकीचा दबाव आला तरी. समजुतीनं घ्या हे नेहमी ज्याला पाण्यात उतरायला लागलं त्यालाच सांगितलं जातं, काट्या टाकणाऱ्याला कुणी सांगत नाही. तेव्हा तुम्हाला नवऱ्याच्या आणि दिराच्या समोर गप्प राहायला तरी लागेल, आणि गप्प राहणं पण त्या घरात सोपं नाही हे मला कळतं.

आता कागदाचं. तुम्ही दहावी नापास म्हणताय, त्यानं काही अडत नाही. या कामाला शिक्षण कमी आणि चिकाटी जास्त लागते, आणि जी बाई उसवलेली शिवण टाका टाका काढून परत घालते तिला चिकाटी मी शिकवायची गरज नाही.

पहिला कागद म्हणजे गावचा नकाशा. सर्व्हे खात्याचा जुना ग्रामनकाशा असतो त्यात गाडीवाट, पायवाट तुटक रेघांनी दाखवलेली असते. तुमच्या दिराच्या शेतातनं तशी रेघ जाते का ते बघायचं. रेघ असली तर गोष्ट एकदम सोपी, ती नकाशावरची वाट झाली, तिच्यावर कुणी काट्या टाकू शकत नाही आणि ती मोकळी करून द्या म्हणून तहसीलदारांकडं जाता येतं. त्याच्याबरोबर त्या सर्व्हे नंबरचा आरटीसी उतारा, म्हणजे जमीन कुणाच्या नावावर आहे ते दाखवणारा कागद, काढा, तो ऑनलाइन पण मिळतो, आणि मसणवट्याची जागा कुणाच्या नावावर आहे ते बघा, सरकारी आहे की कुणाची खासगी आहे की नुसतीच वहिवाट आहे. बऱ्याच गावांत मसणवटा पिढ्यान्‌पिढ्या आहे पण कागदावर नाहीच, आणि ते आधी कळलेलं बरं. दलित गल्लीतली एखादी कॉलेजला जाणारी पोरगी बघा, तिला कन्नड लिहिता येतं, मोबाइलवर उतारा काढता येतो, तुमच्या दोघांची जोडी चांगली जमेल.

रेघ नसली तरी हात टेकायचे नाहीत. मग मागणी बदलते, वाटेसाठी जागा मिळवून द्या नाहीतर नाल्यावर मोरी बांधा. स्मशानाला जागा नसलेल्या गावांना जागा द्या असा आदेश कर्नाटक हायकोर्टानं 2019 साली सरकारला दिलेला आहे, तेव्हा "आमच्याकडं तरतूद नाही" हे उत्तर पुरं पडत नाही. पैशाचं म्हणाल तर कर्नाटकात 2013 चा कायदा आहे, अनुसूचित जाती-जमातींच्या लोकसंख्येच्या प्रमाणात बजेटमधला हिस्सा त्यांच्याच विकासासाठी बाजूला ठेवायला लागतो. आपल्या पंचायतीत तो पैसा कुठं गेला हे विचारायचा हक्क त्या गल्लीला आहे. सरळ विचारून कुणी सांगत नसेल तर माहिती अधिकार, 2005 चा कायदा, दहा रुपयाची पोस्टल ऑर्डर लावून अर्ज, बीपीएल कार्ड असेल तर ते दहा रुपये पण नाहीत, तीस दिवसांत उत्तर यायला पाहिजे. आपल्या राज्यात एक नियम आहे तो लक्षात ठेवा, अर्ज 150 शब्दांच्या आत आणि एका अर्जात एकच विषय, नाहीतर तेवढ्यावरनं परत पाठवतात. मी लोकांचे तीन-तीन पानांचे अर्ज बघितलेत, सगळं दुःख त्यात लिहिलेलं असतं आणि माहिती काहीच मागितलेली नसते. दुःख माझ्यासारखीला लिहा, अर्जात सर्व्हे नंबर लिहा.

इथं एक सीमाभागातली गोची सांगते. आपण सगळे यूट्यूबवर महाराष्ट्रातले व्हिडिओ बघतो, ते सातबारा म्हणतात, ग्रामसेवक म्हणतात, पाणंद रस्त्याच्या योजना सांगतात, आणि आपले लोक तेच शब्द घेऊन इथल्या ऑफिसात जातात आणि हसं करून घेतात. आपल्याकडं पीडीओ आहे, म्हणजे ग्रामपंचायतीचा विकास अधिकारी, ईओ आहे, म्हणजे तालुका पंचायतीचा कार्यकारी अधिकारी, आणि नाडकचेरी आहे, म्हणजे तहसीलच्या खालचं महसूल ऑफिस. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा महाराष्ट्राचा वेगळा कायदा आहे तो इथं चालत नाही. भाषा आपली तिकडची असली तरी कायदा या राज्याचा, हे मनात पक्कं करून टाका. केंद्राचे कायदे तेवढे दोन्हीकडं सारखे, ॲट्रॉसिटी आणि माहिती अधिकार दोन्ही केंद्राचे.

आणि भाषेचंच निघालंय तर बोलूनच टाकते, कारण तुम्ही नाही विचारलंत तरी हे तुमच्या दारात येणार आहे. अर्ज कन्नडमध्ये द्यायचा की मराठीत? माझं मत, कन्नडमध्ये द्या, खाली मराठी जोडा. मला माहीत आहे काही जण म्हणतील की आपण मराठीत कागद मिळावेत म्हणून एवढी वर्षं भांडतोय आणि ही बाई कन्नडमध्ये अर्ज द्या सांगते. मराठी कागदाची मागणी मला मान्य आहे, भाषिक अल्पसंख्याक 15 टक्क्यांच्या वर असतील तिथं त्यांच्या भाषेत कागद मिळावेत हे धोरण देशभर मान्य झालेलं आहे आणि ते इथं पाळलं गेलं पाहिजे. माझ्या घरातले लोक सीमालढ्यात तुरुंगात गेलेत, मी त्यांच्या डब्याच्या भाकऱ्या थापल्यात. पण ती लढाई या म्हातारीच्या तिरडीवर लादायची नाही. अर्ज वाचणारा अधिकारी उद्या "मला मराठी येत नाही" म्हणून बाजूला ठेवेल आणि आषाढ परत येईल. तो बहाणा त्याला देऊ नका.

याच्यापुढं जाऊन सांगते, हे प्रकरण जरा बाहेर आलं की दोन्हीकडचे लोक येतील. कुणी म्हणेल मराठी शेतकऱ्यावर अन्याय होतोय, कुणी लाल-पिवळा गमछा घालून येईल, कुणी भगवा झेंडा आणेल, आणि दोन दिवसांत वाट राहील बाजूला आणि बेळगाव कुणाचं यावर भांडण सुरू होईल. आपल्या भागात हे कितीदा झालंय ते तुम्हाला मी काय सांगू. त्या गल्लीतल्या लोकांसोबत बसून आधीच ठरवा की या वाटेला कुठलाच रंग लागू द्यायचा नाही. मदतीला येणाऱ्याला विचारायचं, तुमच्या झेंड्याशिवाय येणार का. जो येईल तो आपला.

मोठ्ठं बघायचं असेल तर आपल्या मातीत बघा, लांब जायला नको. डिसेंबर 1924 ला बेळगावात काँग्रेसचं अधिवेशन भरलं, गांधीजी अध्यक्ष होते, ते शाळेत शिकवतात, त्याच्या नावाची विहीर पण दाखवतात. पण त्यानंतर चारच महिन्यांनी, एप्रिल 1925 ला निपाणीत बहिष्कृतांची प्रांतिक परिषद भरली आणि डॉ. आंबेडकर त्याला आले, हे आमच्या गावातल्या कित्येक पोरांना माहीत नाही. महाडच्या तळ्याच्या दोन वर्षं आधी. त्या परिषदेला आलेले बहुतेक तुमच्या त्या म्हातारीच्या आज्या-पणज्यासारखेच असतील, हातावर पोट असलेले. नंतर निपाणीत तंबाखूच्या वखारीतल्या आणि विडी वळणाऱ्या बायका संघटित झाल्या, 1981 ला तंबाखू शेतकरी हायवेवर बसले, गोळीबार झाला, माणसं गेली. आणि आपल्याच जिल्ह्यात, चिकोडी तालुक्यातल्या सीतव्वा जोडट्टी, लहानपणी देवाला सोडलेली मुलगी. 1982 साली कर्नाटकानं देवदासी सोडण्यावर बंदीचा कायदा केला पण कायद्यानं काय होतंय, माणसं लागतात. सीतव्वांनी आणि त्यांच्यासारख्याच पूर्वीच्या देवदासी बायकांनी मिळून संस्था चालवली, घटप्रभेला, घराघरात जाऊन पोरी सोडू नका म्हणून सांगितलं. 2018 ला त्यांना पद्मश्री मिळाली. मला त्यातली पद्मश्री मोठी वाटत नाही. जिला सोडली होती तीच दुसऱ्याच्या दारात जाऊन पोरगी सोडू नका म्हणून उभी राहिली, हे मोठं वाटतं. तिच्या जागी शिकलेली बाहेरची बाई गेली असती तर दार उघडलं असतं का ते मला माहीत नाही.

तुमच्या नवऱ्याबद्दल. त्याला खलनायक करू नका. त्याची भीती खरी आहे, भावकी म्हणजे सामाईक विहीर, सामाईक बांध, लग्नकार्य, एक माणूस तुटला की रोजचं जगणं अवघड होतं. त्याला म्हणा की मी दिरावर केस करायला निघाले नाही, मी त्या घरात बसायला जाते. एवढंच आधी. तुम्हाला पण नुकसान होईल, दोन-चार घरं कपडे टाकणं बंद करतील, हे गृहीत धरा आणि युनिफॉर्मचं काम हातात असेल त्या दिवसांत पैसे थोडे बाजूला ठेवा. आणि हो, एकटीनं करू नका. निदान तिघी पाहिजेत. एकटी बाई बोलली की तिच्या चारित्र्यावर जातात, तिघी बोलल्या की मुद्द्यावर यायला लागतं. त्या तिघींत दलित गल्लीतली एक तरी, आणि ती मागं बसणारी नको, पुढं बोलणारी. बाहेर बोलताना तिनं बोलायचं, तुम्ही शेजारी बसायचं.

ग्रामसभेच्या आधी वॉर्डसभा असते, बऱ्याच ठिकाणी ती नुसती कागदावरच होते, पीडीओला तारीख विचारा आणि लेखी विचारा. वॉर्डसभेत विषय घालून घ्या की दलित स्मशानाची वाट, मग तो ग्रामसभेत ठरावाला येतो. ठराव वहीत लिहून होईपर्यंत कुणी उठायचं नाही. "लिहितो नंतर" म्हणाले की समजायचं लिहिणार नाहीत. आमच्या इथं एका बाईनं सभेत सरळ जाऊन पेन हातात दिलं होतं, लिवा की म्हणाली, मी हितंच थांबतो. जो अर्ज द्याल त्याची झेरॉक्स ठेवा आणि तिच्यावर पोच घ्या, शिक्का, तारीख, सही. पोच देत नसले तर स्पीड पोस्टानं टाका, पावती वहीला पिन करा. तुमची मापाची वही असते ना, कुणाची छाती किती, बाही किती, तारीख, ॲडव्हान्स, तशीच एक वही याची करा. कुठल्या तारखेला कोण काय म्हणालं. सहा महिन्यांनी तुम्हाला आठवणार नाही पण वहीला आठवेल, आणि ऑफिसात वही उघडली की समोरच्याची बोलायची पद्धतच बदलते हे मी डोळ्यांनी बघितलंय.

वकील लागला तर घाबरू नका, बायकांना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना उत्पन्न किती का असेना सरकारकडनं वकील फुकट मिळतो, तालुक्याच्या कोर्टात कायदा सेवा समिती असते तिथं जायचं, फोन करायचा तर 15100. मयत अडवायचा प्रकार परत समोर घडत असेल, त्याच वेळी, तर ॲट्रॉसिटीची हेल्पलाइन 14566 आहे, चोवीस तास. हे दोन नंबर त्या गल्लीत चार घरांच्या भिंतीवर लिहून ठेवायला सांगा.

एक नाजूक गोष्ट. तुमच्या पत्रात नाही पण आजकाल असतंच म्हणून सांगते, त्या दिवसाचा कुणी व्हिडिओ काढला असेल. तो तुमच्याकडं आला तर ग्रुपवर टाकू नका. तो पुरावा आहे, जपून ठेवायचा, पण ती कुणाची तरी आई आहे आणि पाण्यातनं चाललेली ती शेवटची वाट सगळ्या तालुक्यानं मोबाइलवर बघावी की नाही हे तिच्या लेकरांनी ठरवायचं. त्यांनी टाका म्हटलं तर टाका.

बेळगावला डिसेंबरात विधिमंडळाचं अधिवेशन भरतं तेव्हा सुवर्णसौधच्या, म्हणजे तिथल्या विधानभवनाच्या, बाजूला तंबूत माणसं येऊन बसतात, ऊसवाले, अंगणवाडीच्या बायका, कुठनं कुठनं आलेले. जमलं तर या वर्षी एक दिवस तिकडं जाऊन या, त्या कॉलेजातल्या पोरीला पण घेऊन जा. मागणी घेऊन नको, नुसतं बघायला. तंबूत बसलेल्या बायकांशी बोला, भाकरी सोडा त्यांच्यासोबत. तुमच्यासारखीच कुणीतरी शिलाईवाली तिथं सापडेल आणि ती तुम्हाला मी सांगितलं त्याच्यापेक्षा जास्त सांगेल.

बाकी झोप लागत नाही म्हणालात त्यावर गोळी घेऊ नका आणि ती झोप लवकर यावी असा घाईचा उपाय पण शोधू नका. एकदम वाट उघडेल असं नाही, एक पावसाळा अजून जाईल कदाचित, त्यात परत कुणाची तिरडी नाल्यातनं गेली तर त्या दिवशी परसात उभं राहू नका, नाल्यात उतरा, हात लावा. त्यांची हरकत नसेल तर. बास, तेवढ्यानं पण गावात खूप काही हलतं.

आणि कामाला लागायचंच तर तारीख लक्षात ठेवा. मिरगाचा पाऊस लागला की तुमच्या भागात सर्व्हेयर नाल्यापर्यंत येणारच नाही, दिवाळीपर्यंत सगळं लटकतं. तेव्हा गल्लीत बसणं-बोलणं या महिन्यात, आणि नकाशा मेच्या आत हातात. नकाशात तुटक रेघ दिसली की मला लगेच कळवा, आणि नाही दिसली तरी कळवा, मग मोरीच्या अर्जाचा मसुदा आपण तिघी मिळून लिहू, तुम्ही, मी आणि ती कॉलेजातली पोरगी.